एकशे त्रेसष्ट होय

१६ नोव्हेंबर, रविवार

आज भाऊसाहेबांशी भांडले. बरं वाटलं.

भाऊसाहेब म्हणजे आमचे ग्रामसेवक. बुधवारी ग्रामसभा आहे आणि तिच्या आधी महिला सभा घ्यावी लागते. करंजदऱ्याची महिला सभा कशी असते ते मी सदस्य म्हणून दोन वर्षं बघते आहे. मंगळवारी सकाळी अकराला सतरंजी अंथरायची, नऊ बायका यायच्या, त्यातल्या चार बचत गटाचं काम घेऊन आलेल्या. चहा होतो, प्रोसिडिंग बुकात सह्या होतात आणि उरलेल्या सह्या शिपाई घरोघर फिरून गोळा करतो. अकराला दुसरं येणार तरी कोण? निम्म्या बायका चाकणच्या कंपन्यांत. पहिल्या शिफ्टची बस पहाटे सव्वापाचला जाते ती साडेतीनला परत येते.

मी म्हटलं, सभा गुरुवारी ठेवा, कंपन्यांना सुट्टी असते. भाऊसाहेब म्हणाले, "मॅडम, गुरुवारी मला पंचायत समितीला जावं लागतं." दर गुरुवारी? "दर गुरुवारी."

मग मीच तोडगा काढला. 'करंजदरा महिला मंच' हा बायकांचा व्हॉट्सॲप ग्रुप मी बनवला आहे. दोनशे अठरा जणी आहेत त्यात. मंगळवारी त्यावरच मतदान घ्यायचं आणि निकाल प्रोसिडिंगमध्ये लिहायचा. भाऊसाहेबांनी डोकं खाजवलं आणि म्हणाले, सरपंचांना विचारतो. विचारा! लग्नाआधी तीन वर्षं तळवड्याच्या आयटी पार्कात डेटा एंट्री केली आहे मी. सतरंजीवर बसून चहा प्यायला निवडून आले नाही.

१७ नोव्हेंबर, सोमवार

सरपंच सयाजीभाऊ चक्क हो म्हणाले. "वहिनी, तुमच्यासारखी शिकलेली सून गावाला मिळाली हे गावाचं नशीब." एरवी अशी स्तुती ऐकली की मला शंका येते, पण स्तुती कोणाला आवडत नाही?

ओंकारनेही आज मदत केली. (तोंडावर 'अहो', वहीत ओंकार. वही माझी आहे.) एरवी पंचायतीचं नाव काढलं की त्याला जांभया येतात. आज स्वतः सरपंचांकडे जाऊन विषयाचा मजकूर घेऊन आला: "गट नंबर ११२ मध्ये ड्रम रिसायकलिंग प्रकल्प येत आहे. गावातील महिलांना रोजगार मिळेल. ग्रामपंचायतीने ना-हरकत दाखला द्यावा का?" खाली होय आणि नाही. मतदानाची वेळ दहा ते एक. मी म्हटलं, दिवसभर ठेवू. तो म्हणाला, "जास्त वेळ दिला की लोक चकाट्या पिटत बसतात. तीन तास पुरे." पटलं मला.

जेवताना तो मोबाइलवर नवीन टेम्पोचे फोटो बघत होता. जुन्याचा क्लच दर महिन्याला रडतो. म्हणाला, "तनू, आपले पण दिवस येणार आहेत." किती दिवसांनी इतका खूश दिसला.

१८ नोव्हेंबर, मंगळवार

एकशे सदुसष्ट! एकशे सदुसष्ट बायकांनी मत दिलं. एकशे त्रेसष्ट होय, चार नाही. नऊवरून एकशे सदुसष्ट. दहा वाजून पाच मिनिटांनी जी सुरुवात झाली ती मोबाइल थांबायलाच तयार नाही. मी पोळ्या लाटता लाटता पिठाच्या हाताने बघत होते.

कोणी काय मत दिलं ते नावासकट दिसतं. आमच्या आईंचं मत पहिल्या दहात! सासूबाईंना फोन आला तर त्या तो ओंकारच्या हातात देतात, हिरवं बटण कुठलं आणि लाल कुठलं हे अजून विचारतात. त्यांनी गावाच्या कामासाठी बोट पुढे केलं. मला भरून आलं. विचारणार होते, पण त्या गोठ्यात होत्या आणि मला भाऊसाहेबांकडे जायची घाई.

प्रोसिडिंगवर अध्यक्ष म्हणून माझी सही. भाऊसाहेब म्हणाले, "मॅडम, जिल्ह्यात पहिलं असेल असं." मी म्हटलं, शेवटचं नसेल.

१९ नोव्हेंबर, बुधवार

ग्रामसभा. वीस-पंचवीस पुरुष, मी आणि अंगणवाडीच्या कुसुमताई सही करून गेल्या तेवढ्या. सरपंचांनी उभं राहून वाचलं: "महिलांनी प्रचंड बहुमताने प्रकल्पाला पाठिंबा दिला आहे." टाळ्या. पाच मिनिटांत ठराव मंजूर. माझा सत्कार, शाल आणि नारळ.

२४ नोव्हेंबर, सोमवार

आज लिहिल्याशिवाय झोप येणार नाही.

सकाळी नळावर कुसुमताई भेटल्या. माझ्याकडे बघितल्यासारखं करून तोंड फिरवलं. मी विचारलं, काय झालं? तर म्हणतात, "विहिरीजवळ केमिकलचे ड्रम धुवायला तू परवानगी दिलीस. आता काय झालं म्हणून विचारतेस?"

मी म्हटलं, कसली विहीर? आणि तुम्हीही होयच दिलंय की, नावासकट दिसतंय.

"मी?" कुसुमताई म्हणाल्या. "मंगळवारी सकाळी मी पोरांना खिचडी वाढत होते. फोन घरी होता, भीमराजकडे." भीमराज म्हणजे त्यांचा नवरा.

घरी येऊन आईंना विचारलं, गट नंबर एकशे बारा कुठे आला? त्या भाजी निवडत होत्या. मान वर न करता म्हणाल्या, "इहिरीचा मळा. तुला ठावं न्हाई व्हय?"

गावाच्या नळाला पाणी येतं ती सार्वजनिक विहीर. तिच्यापासून चाळीस पावलांवर. मी आज मोजली.

आता कळलं ते असं: कंपन्यांतून रिकामे झालेले केमिकलचे प्लास्टिकचे आणि लोखंडी ड्रम इथे आणायचे, धुवायचे, पुन्हा विकायचे. 'रिसायकलिंग' हे त्याचं लग्नातलं नाव. धुतलेलं पाणी कुठे जाणार हे कोणी लिहिलेलं नाही, आणि मी विचारलं नाही. गटाचा नंबर सातबाऱ्यावर बघायला दोन मिनिटं लागतात. ती दोन मिनिटं मी मतं मोजण्यात घालवली.

२५ नोव्हेंबर, मंगळवार

आज यादी घेऊन फिरले. एकेक दार, एकेक बाई. तुम्ही मत दिलंत का?

बावीस घरं झाली. स्वतः मत दिलेल्या बायका तीन. बाकीच्यांच्या नावाने नवऱ्याने, दिराने किंवा पोराने दिलं. कोणाला लपवावंसंही वाटत नाही. खंडू ढोरे तर हसत म्हणाला, "वहिनी, फोन माझ्याच नावावर हाय. रिचार्ज मीच मारतो. मग बोट कुणाचं पायजे?"

डोक्यावर हात मारून घेतला मी. कंपनीत शॉप फ्लोअरवर फोन चालत नाही. गेटवर जमा करायचा, नाहीतर घरी ठेवायचा. गेटवर शिफ्ट सुटताना लॉकरला पाऊण तास रांग, म्हणून बहुतेक जणी घरीच ठेवतात. मला हे माहीत आहे! दोन वर्षं या बायकांशी बोलते आहे. आणि तरी दहा ते एक, म्हणजे शिफ्टच्या बरोबर मध्यावर, मी बायकांचं मत बायकांच्या फोनवर मागितलं, आणि ते फोन घरी पुरुषांच्या हातात होते.

संध्याकाळी दिव्या भेटली. लातूरकडची, आमच्याच खोल्यांत भाड्याने राहते, वायरिंगच्या कंपनीत आहे. तिचं नाव गावच्या मतदार यादीत मीच घालून दिलं होतं. तिला विचारलं, तुझं मत कोणी दिलं? ती म्हणाली, "आमाला तर ग्रुपातच घेतलं नाई ताई. आमी भाडेकरू की."

ग्रुप मीच बनवला होता.

२६ नोव्हेंबर, बुधवार

सरपंचांच्या ऑफिसात गेले. सांगितलं, माझी महिला सभा खोटी होती, ती रद्द करा.

सयाजीभाऊंनी चहा मागवला. मग अगदी प्रेमाने म्हणाले, "वहिनी, खाली सही कुणाची हाय? तुमची. खोटी सभा घेतली म्हणून तक्रार गेली तर पद कुणाचं जाणार? तुमचंच. मी तर तुमच्या शब्दावर चाललो. आता गप ऱ्हावा. गावाला रोजगार येतोय."

मी म्हटलं, पद गेलं तर जाऊ दे. चहा तसाच ठेवून उठले.

भाऊसाहेब बाहेर गाठ पडले. हळूच म्हणाले की दाखल्यावर अजून सही झालेली नाही, कागद अपुरे आहेत, वीस डिसेंबरला कंपनीवाले न्यायला येतील. "शंभर महिला मतदारांच्या सह्यांचा अर्ज आला तर विशेष महिला सभा घ्यावी लागेल. वरच्या साहेबांना विचारलंय मी. माझं नाव सांगू नका." म्हणजे माणूस अगदीच वाया गेलेला नाही.

वीस डिसेंबर. चोवीस दिवस.

२८ नोव्हेंबर, शुक्रवार

काल मार्गशीर्षातला पहिला गुरुवार. घट मांडला, कहाणी वाचली. संध्याकाळी हळदी-कुंकवाला पाच जणी आल्या. तिघींनी अर्जावर सही केली, एक म्हणाली घरी विचारून सांगते, एकीने कुंकू लावलं आणि तशीच गेली.

ओंकार विचारत होता, "हे अजून किती दिवस?" मी म्हटलं, जोपर्यंत विहिरीत पाणी आहे तोपर्यंत. तो हसला नाही. हल्ली दमलेला असतो.

३ डिसेंबर, बुधवार

आता रोज साडेतीनला बसथांब्यावर उभी राहते. कंपनीच्या बसमधून बायका उतरतात, चेहऱ्यावर झोप, हातात डबा. त्यांच्याबरोबर चालत चालत सह्या घेते. आज एकसष्ट झाल्या.

एक-दोघी म्हणाल्या, आम्ही सभेला येऊन काय होणार? तेव्हा माझं डोकं तडकलं. मी मोठ्याने बोलले. बोलले ते असं: "तुमचं मत दुसऱ्याने दिलं आणि तुम्हाला पत्ता नाही! अशा बायकांचा सभेत काय उपयोग, असं ते म्हणतात. त्यांना दाखवायचं की नाही?" पलीकडे टपरीवर दोन-तीन जण मोबाइल धरून होते. मला वाटलं, बरंय, लोकांनी ऐकू दे.

५ डिसेंबर, शुक्रवार

ऐकलं लोकांनी! टपरीवरच्यांनी माझा व्हिडिओ काढला आणि 'असं ते म्हणतात' कापून टाकलंय. उरलं ते असं: "तुमचं मत दुसऱ्याने दिलं आणि तुम्हाला पत्ता नाही! अशा बायकांचा सभेत काय उपयोग." खाली हसणारे चेहरे, मागे ढोलकी. वर लिहिलंय: "सदस्या बाईंचं महिलांबद्दल मत ऐका."

गावच्या सगळ्या ग्रुपांवर फिरतोय. दुपारी चिंचवडहून आईचा फोन आला, माझ्या आईचा. स्टेशनजवळच्या वाण्याने तिला दाखवला. "काय गं बोललीस हे? शिकवलेलं असं?" मी समजावत होते आणि ती रडत होती. मग मीही रडले. रडून झाल्यावर भाकरी थापल्या. एकही गोल झाली नाही.

आज एकही सही नाही. उलट दोघींनी आपली नावं खोडायला सांगितली.

खोडली. काय करणार? सही त्यांची, त्यांना परत मागता येते.

ओंकार म्हणाला, "मी म्हणत होतो ना, या भानगडीत पडू नको. सरपंचांशी मी बोलतो, ते क्लिप काढायला लावतील. तू फक्त अर्ज मागे घे." बिचारा माझ्यासाठी किती धावपळ करतो. पण मी नाही म्हटलं.

६ डिसेंबर, शनिवार

ज्या मोबाइलच्या नावाने मी दहा दिवस बोटं मोडते आहे, त्यानेच आज मला उभं केलं. काय म्हणावं याला!

बुधवारी बसथांब्यावर दिव्याही उतरली होती (ती फोन घरी ठेवत नाही, गेटवर जमा करते) आणि तिनेही रेकॉर्डिंग केलं होतं, पूर्ण. गावच्या ग्रुपात ती नाही, पण तिच्या कंपनीतल्या लाईनच्या बायकांचा एक ग्रुप आहे. त्यात करंजदऱ्याच्या पस्तीस-चाळीस जणी, शिवाय शेजारच्या गावांतल्या. तिने काल रात्री त्यात ते टाकलं आणि खाली स्वतःच्या आवाजात बोलली: "ते खोटं बोलायलेत. हे पूर्ण ऐका. ताई आपल्या बाजूनं बोलायली. आन मी भाडेकरू असले तरी मी पन तेच पानी पिते."

सकाळपर्यंत तो आवाज गावात पोहोचला होता. सांगायला कोण आलं तर कुसुमताई. त्यांनी अर्ज मागितला आणि माझ्यासमोर पेन झटकून सही केली. "भीमराजला सांगून आलेय," म्हणाल्या, "विचारून नाही."

दिव्याला मी आज मंचात घेतलं. तिच्याबरोबर बाकीच्या एकोणतीस भाडेकरणींनाही. त्यावर गावातल्या दोघी ग्रुप सोडून गेल्या. जाऊ देत.

९ डिसेंबर, मंगळवार

एकशे एकतीस सह्या. पंचायतीत जाऊन अर्ज दिला आणि पोच घेतली.

सयाजीभाऊंनी कॅलेंडर बघितलं. बराच वेळ बघितलं. मग हसून म्हणाले, "तुमालाच गुरुवार पायजे होता ना? घ्या. अठरा तारीख, दुपारी चार."

मी हरखून बाहेर आले आणि पायरीवर माझ्या लक्षात आलं. अठरा तारीख म्हणजे मार्गशीर्षातला शेवटचा गुरुवार, उद्यापन. बायकांचा उपास, घट, नैवेद्याचा स्वयंपाक, संध्याकाळी सवाष्णींना बोलावणं, फळं, पोथ्या वाटणं. त्या दिवशी चारला कुठली बाई घर सोडणार? सरपंचांच्या घरातही मोठं उद्यापन असतं. त्यांनी अगदी मोजून मापून दिवस दिलाय.

मला इतका राग आला की पंचायतीच्या दारातली चप्पल दुसऱ्याचीच घालून आले.

११ डिसेंबर, गुरुवार

आज घट मांडताना डोक्यात आलं. सरपंचांनी सगळं मोजलं, पण एक मोजायचं विसरले: वर्षातून हा एकच दिवस असा आहे की झाडून सगळ्या बायका घरी असतात, चांगलं पातळ नेसून तयार असतात, आणि घराबाहेर पडायला कोणाला विचारावं लागत नाही. हळदी-कुंकवाला निघालेल्या बाईला नवरा 'कुठे चाललीस' असं विचारत नाही.

मग मी निरोप लिहिला. "अठरा तारखेला उद्यापनाचं हळदी-कुंकू ग्रामपंचायतीच्या हॉलमध्ये, सगळ्या गावाचं एकत्र, चार वाजता. आधी सभा, मग वाण. सभा महिलांची आहे, सवाष्णींची नाही. सगळ्यांनी यायचं." मंचावर टाकला. पण यावेळी फक्त टाकून बसले नाही. रोज थांब्यावर जाऊन तोंडानेही सांगते.

आईंना वाचून दाखवला. बाबा गेल्यापासून त्या हळदी-कुंकवाच्या दिवशी गोठ्यातून बाहेर येत नाहीत, कोणी बोलवतही नाही. त्यांनी विचारलं, "सभेला कुकू लागत न्हाई ना?"

"नाही लागत आई."

"मंग येते."

१५ डिसेंबर, सोमवार

ओंकारने आज हात जोडले. खरंच जोडले. "तनू, तू सभा घे, पण कोणी काय केलं, कोणाच्या फोनवरून केलं, ते उकरू नको. नावं घेऊ नको. गावात राहायचंय आपल्याला. पोटापाण्याचा विचार कर." मी म्हटलं, पोटातच जाणार आहे ते पाणी. तो उठून बाहेर गेला आणि जुन्या टेम्पोचं बॉनेट उघडून कितीतरी वेळ नुसता उभा होता.

भित्रा आहे, पण मनाने चांगला आहे. मला काही झालं तर याला सहन होणार नाही, म्हणून बोलतो.

१८ डिसेंबर, गुरुवार

क्रमाने लिहिते, नाहीतर गोंधळ होईल.

साडेतीनला हॉलमध्ये मी, भाऊसाहेब आणि एकशे वीस खुर्च्या. पावणेचारला तेच. भाऊसाहेब घड्याळ बघत होते, मी दाराकडे बघत नव्हते. मग बाहेर बांगड्यांचा आवाज झाला. खालच्या आळीच्या बायका एकदम आल्या, हातात तबकं घेऊन. मग ढोरे वस्तीच्या. मग भाडेकरणी, दिव्या पुढे. खुर्च्या संपल्या, सतरंज्या संपल्या. दाराशी उभ्या होत्या त्या धरून दोनशे सात. प्रत्येकीची सही घेतली, एकीचीही शिपायाने आणली नाही.

पुरुष बाहेर खिडक्यांना लागून उभे होते. सरपंचांच्या बायकोही आल्या होत्या. त्यांच्या घरचं उद्यापन सोडून आल्या, की बघायला पाठवलं होतं, कोण जाणे.

मी उभी राहिले आणि सगळ्यांच्या देखत सांगितलं: अठरा नोव्हेंबरची सभा मी घेतली. ती खोटी होती. मला माहीत नव्हतं हे खरं, पण माहीत असायला हवं होतं. गट नंबरही बघितला नाही. चूक माझी. माझं पद जायचं असेल तर जाऊ दे. पण ते एकशे त्रेसष्ट होय तुमचे नाहीत, आणि ते तुमच्या नावावर राहता कामा नयेत.

मग विचारलं, कोणाला बोलायचंय?

स्वरूपा उठली. ती रांजणगावच्या बसने रोज दीड-दीड तास जाते-येते. म्हणाली, "मी होय म्हणणार. तेव्हा नवऱ्याने दिलं, आज मी देते. गावात काम मिळालं तर लेकराला शाळेतून आल्यावर आई दिसेल. पाण्याचं तुम्ही कंपनीकडून लिहून घ्या." मला तिला खाली बसवावंसं वाटलं. खोटं कशाला लिहू? पण तिचं म्हणणं लिहून घेतलं, शब्दन्‌शब्द. तिच्याशी कोणी वाद घातला, कोणी मान डोलावली. दिव्या म्हणाली, वायरिंगच्या कंपनीतसुद्धा असे ड्रम असतात, ते धुताना माणसाला मास्क घालावा लागतो, मग विहिरीला कोण घालणार? अर्धा तास गदारोळ. अशी सभा मी या हॉलमध्ये कधी बघितली नव्हती.

आणि मग मागे भिंतीजवळ आई उभ्या राहिल्या. पांढऱ्या पातळात, हातात तबक नाही. मी म्हटलं, बसा आई, बसून बोला. त्या बसल्या नाहीत.

"माझं बी मत लिवलंय त्यात. इमलबाई बबनराव काळोखे, होय. मला बटन दाबाया येत न्हाई. माझ्या नावचं मत माझ्या ल्योकानं दिलं. ओंकारनं. आदल्या दिशी सरपंचाकडं बसून ठरवलं, आन बाकीच्या बाप्यांना बी त्यानंच निरोप धाडला, बायकांचं फोन घरी ठिवा म्हून. डरम आणायचं काम त्याला मिळायचं हाय. घरातनं फोनवर समद्यांना सांगत हुता, मी वट्यावर बसून आयकत हुते."

खिडकीत ओंकार होता. मी बघितलं त्याच्याकडे, आणि तो तिथून बाजूला झाला.

मला एवढंच सुचलं, "आई, मला आधी का नाही सांगितलं?"

"तू साऱ्या गावाला इचारत फिरलीस," आई म्हणाल्या. "घरात न्हाई इचारलंस."

त्यानंतर हात वर करून मतदान झालं. नाही, एकशे एकोणचाळीस. होय, चौपन्न. चौदा जणींनी हात वर केला नाही, त्यांचीही नोंद घेतली. सरपंचांच्या बायकोचा हात 'नाही'ला वर होता, अर्धवट, खांद्याएवढा. मी तो मोजला.

भाऊसाहेब म्हणाले, "या प्रोसिडिंगनंतर मला दाखल्यावर सही करता येणार नाही." मग जवळ येऊन हळूच, "मॅडम, त्या आजींच्या बोलण्याचं थोडक्यात लिहा. 'काही महिलांच्या वतीने इतरांनी मत नोंदवले', एवढं पुरे. नाव कशाला? घरचा मामला आहे."

खोटं नाही सांगत, पेन थांबला. पाच वर्षांचा संसार आहे. त्याने पहिल्या दिवाळीला आणलेली साडी अंगावर होती. दोनशे बायका माझ्या हाताकडे बघत होत्या.

लिहिलं. आई जे बोलल्या ते, आणि नावासकट. वाचून दाखवलं आणि खाली आईंची सही घेतली. त्यांनी तीन अक्षरं काढायला पूर्ण मिनिट घेतलं, कोणी घाई केली नाही. मग दिव्याने सरळ जाऊन त्यांच्या हातात वाणाचं फळ आणि पोथी ठेवली.

१९ डिसेंबर, शुक्रवार

रात्री ओंकार घरी जेवला नाही. सकाळी मी तयार होऊन प्रोसिडिंगची प्रत पिशवीत घालत होते, राजगुरुनगरला पंचायत समितीत द्यायची आहे, माझ्यावरच्या कारवाईचं काय ते तिथेच विचारते. तो दारात आला. डोळे लाल. म्हणाला, "तू माझं नाव लिहिलंस."

"आईंनी सांगितलं, मी लिहिलं," मी म्हटलं. "खोटं असेल तर पुढच्या ग्रामसभेत उभे राहा आणि तसं सांगा. तेही लिहीन."

तो दारातून बाजूला झाला. आई म्हणाल्या, "यष्टी चुकंल तुजी, जा."